बाइंडरचं थेपलं

बाइंडरचा हात मशीनमध्ये गेला त्याच्या आदल्या वर्षी त्याचं आणि तिसऱ्या मजल्यावरच्या म्हाताऱ्या गुजराती बांचं कडाक्याचं भांडण झालं होतं, आणि तेही मेथीवरून.

बाइंडर तेव्हा पुस्तकबांधणीच्या कारखान्यातलं थोडं काम घरी आणायचा. विद्यार्थ्यांचे प्रबंध, वकिलांची जाडजूड रजिस्टरं. पुठ्ठ्यावर खळ लावून काळं कापड चढवलं की ते वाळवायला तो गच्चीवर नेऊन मांडायचा. बा त्याच गच्चीवर चादर अंथरून मेथीची पानं वाळत घालायच्या. एका दुपारी वारा सुटला आणि चादरीवरची सगळी मेथी उठून पुठ्ठ्यांवर जाऊन बसली. खळ ओली, पानं हलकी. एकेक पान असं चिकटलं की जणू छापूनच आलंय.

बाइंडरच्या अंगाचा तिळपापड झाला. "अहो बा, प्रबंध रसायनशास्त्राचा आहे, वनस्पतिशास्त्राचा नाही!"

बांना एका कानाने कमी ऐकू यायचं. त्यांनी दुसरा कान पुढे केला, सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "मला काय सांगतोस? वाऱ्याला सांग."

झालं. त्या दिवसापासून दोन्ही घरांत विस्तव जाईना. बाइंडर तळमजल्यावर राहायचा, बा तिसऱ्यावर. जिन्यात गाठ पडली तर तो भिंतीकडे बघायचा आणि बा कठड्याकडे. बाइंडरची बायको एका पाळणाघरात कामाला होती. ती म्हणायची, "आमच्याकडे तीन वर्षांची पोरं यापेक्षा लवकर गट्टी करतात." पण बाइंडर हट्टी माणूस. त्याचा सगळा तोरा त्याच्या हातांत होता. कापड पुठ्ठ्यावर टाकून उजव्या तळव्याने एकदा असं फिरवायचा की आत हवेचा एक बुडबुडा राहायचा नाही. पुस्तकाच्या पाठीवर सोनेरी अक्षरं ठसवताना पट्टीची गरज त्याला कधी पडली नाही. अशा हातांच्या कामावर कुणी मेथी उडवावी आणि वर वाऱ्याकडे बोट दाखवावं, हे त्याच्या पचनी पडलं नव्हतं.

मग तो दिवस आला. जेवणानंतरची वेळ, कागदांची थप्पी कटिंग मशीनखाली सारखी करत होता. वर थांबायचं पातं थांबलं नाही. उजव्या हाताची चारही बोटं मुळापासून गेली. अंगठा राहिला, तळवा राहिला.

मालक भला माणूस होता. स्वतःच्या गाडीत घालून इस्पितळात नेलं, ऑपरेशन होईपर्यंत बाहेर बाकावर बसून राहिला. डॉक्टरांनी जखम छान बांधली. सगळ्यांनी सगळं केलं. पण शुद्धीवर आल्यावर बाइंडरने जे तोंड मिटलं ते मिटलंच.

खरं घोडं अडलं ते जेवणापाशी. उजवा हात बोचक्यासारखा गुंडाळलेला, डाव्या हाताला सलाइनची सुई टोचून टोचून सूज आलेली. ताटलीतला भात चमच्याने उचलायला गेला की निम्मा छातीवर, निम्मा चादरीवर. मग बायको भरवायला बसायची. तिचा हात त्या कामाला सरावलेला. दिवसभर दहा पोरांना भरवणारी ती. तिच्या नकळत तिच्या तोंडून "हं, आ करा" निघून जायचं. एकदा तर चमचा वर नेऊन विमानासारखा वळवला तिने. शेजारच्या खाटेवरचा माणूस हसला. चेष्टेने नाही, सहजच हसला. पण बाइंडरने तोंड फिरवलं आणि त्यानंतर कुणी भरवायला आलं की, "भूक नाही," एवढंच.

बायको बाहेर व्हरांड्यात जाऊन रडून यायची आणि पदराने डोळे पुसून परत आत, "बरं, मग दूध तरी?"

तिसऱ्या की चौथ्या दिवशी भेटीच्या वेळेला बा आल्या. गुडघे धरत, जिन्याच्या प्रत्येक वळणावर थांबत. हातात स्टीलचा चपटा डबा. बाइंडरने त्यांना पाहिलं आणि डोळे मिटून घेतले. बा खाटेशेजारच्या स्टुलावर बसल्या, दम खाल्ला, डबा उघडला. खमंग वास आला, तीळ, ओवा, हळद आणि तव्यावर भाजलेल्या मेथीचा. त्यांनी एक पातळ पिवळसर पोळीसारखं काहीतरी काढलं, त्यावर लोणच्याचा खार बोटाने फिरवला, सुरळी केली आणि ती बाइंडरच्या डाव्या मुठीत ठेवली.

बस्स. ना चमचा, ना ताटली, ना तुकडा मोडायला दुसरा हात. मूठ तोंडाशी न्यायची आणि चावायचं. सांडण्यासारखं त्यात काही नव्हतंच.

बाइंडरने डोळे उघडले नाहीत. पण थोड्या वेळाने मूठ वर गेली. एक घास घेतला. दुसरा घेतला. सुरळी संपली तेव्हा त्याने रिकामी मूठ तशीच उघडून पुढे धरली आणि बांनी त्यात दुसरी ठेवली. अपघातानंतर स्वतःच्या हाताने खाल्लेलं ते पहिलं अन्न. बायको खाटेच्या पायथ्याशी उभी होती. तिने श्वास रोखून धरला होता, जणू जरा हलली तर सगळं मोडेल.

"मेथी आहे हो आत," बा म्हणाल्या. "आता चिकटली तर पोटात चिकटेल."

बाइंडरचा चेहरा आधी वाकडा झाला, मग त्याला हसू फुटलं आणि हसता हसताच डोळ्यांतून घळाघळा पाणी. बांनी ते पाहिलं न पाहिल्यासारखं केलं आणि डब्याचं झाकण लावायला घेतलं.

"काय म्हणतात याला?" त्याने घसा साफ करून विचारलं.

"थेपलां."

"अच्छा, ठेपला."

"ठ नाही रे, थ. ठ म्हटलं की ठेच लागल्यासारखं वाटतं. थेपलुं. एक असलं की थेपलुं, जास्त असली की थेपलां."

"आमच्यात सगळे ठेपलाच म्हणतात, बा."

"मग सगळे चुकतात," बा म्हणाल्या आणि विषय संपवला.

तो इस्पितळात असेपर्यंत बा एक दिवसाआड येत राहिल्या. थेपलां टिकतात, म्हणून मधल्या दिवसालाही पुरायची. बाइंडरच्या अंगात ताकद आली, गालांवर रंग आला. डिस्चार्ज मिळाला तेव्हा डॉक्टर म्हणाले, जखम सुरेख भरलीय. बायको म्हणाली, "मेथीने."

पण घरी आल्यावर पुन्हा दिवस खायला उठले. बायको सकाळी कामाला जायची. बाइंडर खुर्चीत बसून आपल्या तळव्याकडे बघायचा. मालकाने निरोप पाठवला होता, हिशेबाच्या टेबलावर बस, जागा आहे. त्याने नको म्हणून कळवलं. इतरांना पुठ्ठे चढवताना बघत बसणं त्याच्याने झालं नसतं.

एका सकाळी वरून बांची हाक आली. "अरे, जरा ये. माझ्या मनगटात कळ येते. कणीक मळून दे."

मनगटाला काही झालं नव्हतं, हे त्याला पुढे कित्येक महिन्यांनी कळलं. तो गेला. परातीत गव्हाचं पीठ, मूठभर बेसन, चिरलेली मेथी, तीळ, ओवा, तिखट, हळद, दही आणि अगदी लहान गुळाचा खडा. डाव्या हाताने गोळा करायचं आणि उजव्या तळव्याने रेटायचं. सुरुवातीला तळवा दुखला. मग तेल लागलं, पीठ मऊ झालं आणि दुखणं विसरायला झालं. दुसऱ्या दिवशी पुन्हा हाक. तिसऱ्या दिवशी हाकेची वाट न बघता तोच वर गेला.

मग त्याला वाटलं, लाटून बघू. डाव्या हातात लाटण्याचं एक टोक, दुसऱ्या टोकावर उजवा तळवा. लाटणं एकीकडे, पोळपाट दुसरीकडे. जे तयार झालं ते धड गोल नाही, धड लांब नाही. दुसरं त्याहून वाईट. तिसऱ्याला लाटणं निसटून सरळ बांच्या पायावर पडलं. बाइंडर उठला. "राहू द्या बा. हे दोन हातवाल्यांचं काम आहे."

"बस खाली," बा म्हणाल्या. लाटणं त्यांनी उचललं आणि फळीवर मागे ढकलून दिलं. "तुला लाटायला सांगितलं कुणी? मी म्हटलं थेपलां. थेपायचं ते थेपलुं. माझी आई तळहातानेच थेपायची. लाटणं मी लग्नानंतर हातात धरलं, भरभर होतं म्हणून."

"थेपायचं म्हणजे?"

बांनी हवेत तळवा आपटून दाखवला. "असं. तुमच्यात काय म्हणतात?"

"थापायचं."

"मग? कुठे लांब आहे?"

त्यांनी कणकेत आणखी दही घालून ती सैल केली, ताटावर मलमलीचा ओला तुकडा पसरला, मधोमध गोळा ठेवला. बाइंडरने उजवा तळवा त्यावर टेकवला. दाबला. डाव्या हाताने कापड जरा फिरवलं, पुन्हा दाबला. आणि काय झालं ते त्यालाही नीट सांगता आलं नाही कधी. पुठ्ठ्यावर कापड बसवताना मधून कडेकडे जायची ती जुनी चाल तळव्याला आठवली. बोटं लागतच नव्हती तिला. बोटं तर त्या वेळी वर उचललेलीच असायची! पीठ एकसारखं पसरत गेलं, आत हवेचा बुडबुडा नाही, कडा जरा फाटल्या तेवढ्या. बांनी कापडासकट उचलून तव्यावर उलटं टाकलं. तेल सोडलं. चुर्र झालं.

ते पहिलं थेपलं त्या दोघांनी अर्धं अर्धं खाल्लं. दुसरं त्याने बायकोसाठी ताटलीत घालून खाली नेलं.

"कुणी केलं?" बायको म्हणाली.

"मी थापलं."

"थापा मारू नका."

"तेच तर केलं सकाळपासून," बाइंडर म्हणाला. बायकोने त्याच्या तेलकट तळव्याकडे पाहिलं आणि तिथेच दारात बसकण मारली. पाळणाघरातलं पोर पहिल्यांदा चालू लागलं की ती जशी टाळ्या वाजवायची, तशा तिने वाजवल्या. या वेळी बाइंडरला त्याचं काही वाटलं नाही.

त्याच इमारतीत लांब पल्ल्याची बस चालवणारा एक ड्रायव्हर राहायचा. बाइंडरने त्याला वाटेसाठी थोडी बांधून दिली. तो परत आला तो डेपोतल्या चौघांची मागणी घेऊनच. लाटलेल्यापेक्षा ही जाड असायची, दोन खाल्ली की पोट भरायचं, आणि एक हात स्टीअरिंगवर ठेवून दुसऱ्याने खाता यायची. ड्रायव्हर लोकांना आणखी काय हवं? "वाटेत भूक लागायच्या आत येऊन ठेपतो, म्हणून ठेपला," ड्रायव्हर म्हणायचा. बा त्याच्याकडे कमी ऐकू येणारा कान करायच्या.

काम वाढलं. मळणं, थापणं बाइंडरचं, तवा बांचा, पाळणाघरातून आल्यावर पुड्या बांधणं बायकोचं. पुड्यांवर काय छापायचं यावर मात्र जुंपली. मालकाने जुनी पितळी अक्षरं आणि ठसवायचा दांडा भेट म्हणून पाठवला होता, आणि डाव्या हाताने ठसवायला बाइंडर हळूहळू शिकला होता. ड्रायव्हर म्हणे ठेपला. बा म्हणत थेपलां. बायको म्हणाली, "अहो बा, तुमच्यात 'ते थेपलुं', आमच्यात 'तो ठेपला', गिऱ्हाईक म्हणणार 'हे काय'?" शेवटी बाइंडरने निकाल दिला. अक्षर बांचं, वळण आपलं: थेपलं. बांनी कागद लांब धरून वाचला, ओठ हलवून दोनदा म्हणून पाहिला. "चालेल. थ आहे ना, चालेल."

एवढं सगळं झालं, पण बाइंडरने बांचे आभार कधी मानले नव्हते. शब्द जुळवून जायचा आणि मेथी निवडून परत यायचा. एकदा धीर करून बोलला, "बा, तुमचे माझ्यावर उपकार..." बा म्हणाल्या, "तवा तापलाय."

आणि मग बांच्या गुडघ्यांनी दगा दिला. जिना उतरणं बंद झालं. मुलगा दूरच्या शहरात, त्याने न्यायला येतो म्हटलं, तर बा म्हणाल्या, तिथे मी कुणाशी बोलू? महिनोन्महिने त्यांनी रस्ता पाहिला नाही. तिसऱ्या मजल्याची त्यांची खिडकी समोरच्या भिंतीवर उघडायची.

एका सकाळी बायको म्हणाली, "मी घरमालकाला अदलाबदलीचं विचारून आले. तो म्हणतो, खोल्या सारख्याच आहेत, तुम्हा लोकांचं तुम्ही बघा." बाइंडर तिच्याकडे बघतच राहिला. त्याच्या मनात रात्रभर तेच घोळत होतं.

रविवारी डेपोतले ड्रायव्हर आले. बाइंडरचा संसार वर गेला, बांचा खाली आला. बांना खुर्चीत बसवून चौघांनी उचललं. त्या वाटभर ओरडत होत्या, "पाडाल मला, मेल्यांनो, हळू!" आणि मधेच हसत होत्या. तळमजल्याची खिडकी थेट रस्त्यावर उघडायची. बाइंडरने खुर्ची तिथे नेऊन ठेवली आणि जाऊ लागला, तर बांनी त्याचा उजवा हात धरला, तो तळवा दोन्ही हातांत घेतला आणि बराच वेळ सोडला नाही.

आता रोज सकाळी बाइंडर तिसऱ्या मजल्यावरून उतरतो तेव्हा बा खिडकीत तयार असतात. पोस्टमनने नवी सायकल घेतली, समोरच्या न्हाव्याकडे आज पहिल्यांदाच गर्दी आहे, एक मुलगी रोज याच वेळी एकटीच हसत जाते, तिचं काय असेल बरं? बाइंडर परातीपाशी बसतो, बाह्या सारतो आणि म्हणतो, "सांगा बा, सावकाश सांगा. आज पीठ पुष्कळ आहे."