गौरीचं कुलूप

दादाच्या गेमची कॅसेट मशिनीत घातली की अजूनही मी आधी देवाचं नाव घेते.

दादा देवासला कारखान्यात नोकरी करायचा आणि सुट्टीच्या दिवशी जुन्या व्हिडिओ गेमच्या मशिनींसाठी नवे गेम लिहायचा. पहिला गेम कुणीतरी चोरून विकला. मग भडकून त्यानं दुसऱ्याला कुलूप घातलं. सुरुवातीला पडद्यावर आमचं देवासचं घर दिसतं, विहिरीपाशी गौर उभी असते. आपल्याकडे गौरी जशा आणतात तशी तिला आत न्यायची. तीनदा चुकलं की कॅसेट कोरी. आणि कुलूप न उघडता प्रत काढली तर हाती निव्वळ कचरा. "छोटी उघडेल की," दादा म्हणायचा. छोटी म्हणजे मी.

गेल्या वर्षी दादा गेला. यंदा वहिनीचा फोन आला, "वन्सं, कॅसेट लावली की घराचं चित्र थरथरायला लागलंय हो." मी धारला कॉलेजात कॉम्प्युटर शिकवते. कॅसेट पुरती खराब व्हायच्या आत प्रत काढावी म्हणून त्याचं यंत्र पिशवीत टाकलं आणि इंदूरला बस बदलून दुपारी देवासला पोचले.

मशीन लावली आणि गौर आत न्यायला लागले: समोरचं दार, देवघर, स्वयंपाकघर, कोठी. चूक! बटण नीट दाबलं गेलं नसेल म्हणून पुन्हा तस्संच केलं. पुन्हा चूक. दादानं केलेलं एवढंच काय ते उरलं होतं आणि मीच ते पुसायला निघाले होते.

"रुको ना, वन्सं, समोरून का नेताय?" वहिनी हळूच म्हणाली. "आपल्याकडे विहिरीवरून मागच्या दारानं आणतात. देवघर सगळ्यात शेवटी."

"मला नका शिकवू! मी ह्या घरात जन्मलेय," मी खेकसले. आणि मग लक्षात आलं. समोरचं दार, आधी देवघर, ही धारची रीत, माझ्या सासरची. बावीस वर्षं मी तीच करतेय.

पण वहिनीच चुकत असेल तर? मी आठवून आठवून दमले. विहीर आठवत होती, दार काही केल्या आठवेना. शेवटी कुठलं बटण कुठे नेतं ते वहिनीला सांगितलं, मशीन तिच्या हाती दिली आणि डोळे गच्च मिटले. तिनं जन्मात कधी गेम खेळला नव्हता. एकेक बटण दाबताना ती तोंडानं पुटपुटत होती, मागचं दार, स्वयंपाकघर, कोठी, देवघर.

घंटी वाजली. मी डोळे उघडले. दादानं ठिपक्याठिपक्यांनी काढलेली अक्षरं पडद्यावर होती: शाब्बास छोटे! माहेर विसरली नाहीस.

वहिनीनं ते वाचलं आणि ती चहा टाकायला गेली. मी प्रत काढली. प्रतीतही ते वाक्य तसंच आलंय.