चाईचं काहून

जगात जे घडतं त्याला काहीतरी कारण असतं, असं पुष्कळ लोक मानतात; पण ते कारण संध्याकाळच्या चहाच्या आत सापडलंच पाहिजे असं मानणारा माणूस मी एकच पाहिला, आणि तो माझा घरमालक आहे; सगळे त्यांना काका म्हणतात. देवानं पृथ्वी घडवायला घेतली तेव्हा आमचे काका शेजारी उभे असते, तर ते काम अजून समुद्राच्या पुढं सरकलं नसतं. "पानी खारं काहून ठेवलं जी?" एवढं विचारून त्यांनी देवाला खाली बसवलं असतं, आणि देवाला उत्तर सुचेना म्हटल्यावर स्वतःच चार उत्तरं देऊन त्यातलं एक त्याच्याकडून कबूल करून घेतलं असतं.

भंडाऱ्याजवळच्या आमच्या मोहाडीत एसटी उशिरा आली की बाकीचे लोक चढायची घाई करतात. काका आधी ड्रायव्हरच्या खिडकीशी जातात. एकदा कारण ऐकून पटेपर्यंत गाडी निघून गेली आणि काका खालीच राहिले, तेव्हा घरी येऊन त्यांनी "मी कायले राहिलो" याचा तपास जेवणापर्यंत चालवला. लग्नाच्या पंगतीत वरण खारट लागलं तर ते आचाऱ्याला गाठून मीठ कोणी, कधी आणि कोणाशी बोलता बोलता टाकलं इथपर्यंत पोचतात. अंगणातली चिंच एकाच बाजूला का लागते, याचं उत्तर शोधण्यात त्यांनी शेजाऱ्याशी वर्षानुवर्षं अबोला धरला होता. पण एका गोष्टीचं कारण मात्र त्यांना कोणी विचारायचं नसतं. लग्नानंतरच्या पहिल्याच पावसाळ्यात, सासरच्या माणसांसमोर शेतीतलं ज्ञान दाखवायला ते निंदणाला, म्हणजे भातातलं तण काढायला, उतरले आणि गवत समजून बांधीतला चांगला धानच उपटत गेले. काकू आजही, म्हणजे काका फारच चढायला लागले की, भाकरी थापता थापता शांतपणे विचारतात, "तवा धान उपडला होता, तो काहून जी?" आणि काका उठून चप्पल शोधायला लागतात.

त्यांना दुसरा अभिमान केसांचा. सत्तरीला टेकलेल्या माणसाच्या डोक्यावर एवढं रान मी दुसरीकडं पाहिलं नाही. पांढरंशुभ्र, दाट, मागं वळवलेलं. खोबरेल चोपडून ते दिवसातून इतक्यांदा फणी फिरवतात की काकू म्हणतात, "तितका नांगर वावरात फिरवला असता, तं दोन पिकं झाली असती."

मी सांगलीकडचा. शाळा आठवीत सुटली, हाताला मशीनचं काम लागलं, आणि राईस मिलचे पट्टे बसवायला म्हणून चार दिवसांसाठी इकडं आलो तो राहूनच गेलो. मी जात्याच घाबरट. कुलूप लावलं तरी अर्ध्या रस्त्यातून परत येऊन ओढून बघणारा. अशा माणसाला परक्या मुलखात खोली देताना काकांनी भाडं शेवटी विचारलं, आधी विचारलं, "इतक्या दूर काहून आला बे?" मी पट्ट्यांचं काहीतरी सांगायला लागलो. काकू आतून म्हणाल्या, "पोट्ट्याले आधी पानी तं पिऊ द्या." त्या पाण्याची चव मी विसरलेलो नाही.

मागच्या वर्षी एकदा न्हाव्यानं माझ्या मानेवरून मशीन वर नेलं आणि मध्येच थांबवलं. "भाऊ, तुमाले चाई पडली ना!" मागं आरसा धरून दाखवलं. रुपयाएवढी जागा, गुळगुळीत, जणू तिथं कधी केस नव्हतेच. मी आरसा पुन्हा दोनदा धरायला लावला. घरी येऊन काकांना दाखवलं तेव्हा मात्र, खोटं कशाला सांगू, त्यांचे डोळे चमकले. इतक्या वर्षांत घरबसल्या एवढं मोठं 'काहून' त्यांच्या दारात आलं नव्हतं.

तपास त्याच दिवशी सुरू झाला. आधी संशय मिलमधल्या कोंड्यावर गेला. मग बोअरच्या पाण्यावर, मग माझ्या शाम्पूवर, मग उशाशी ठेवलेल्या मोबाईलवर. आठवडी बाजारात त्यांनी भाजीवाल्यांपासून बांगडीवाल्यापर्यंत सगळ्यांची मतं घेतली. बहुमत पडलं केस खाणाऱ्या किड्याकडं. तो किडा रात्री उशीतून निघतो, असं कळल्यावर काकांनी माझी उशी अंगणात फाडली आणि दुपारभर चष्मा लावून कापूस पिंजत बसले. वारा सुटला. कापूस चिंचेवर, तुळशीत आणि अबोला धरलेल्या शेजाऱ्याच्या वाळत घातलेल्या पापडांवर गेला. किडा सापडला नाही. अबोला मात्र त्या दिवशी सुटला, कारण शेजारी भांडायला आला. नंतर कांदा चोळून झाला, लसूण चोळून झाला. लसणानं कातडी अशी पोळली की मी टोपी घालायला लागलो, आणि तिथंच माझं चुकलं.

टोपी दिसली की लोक टोपीखाली काय आहे ते बघतात. मिलमध्ये कुजबूज झाली की चाई लागते, एकाची दुसऱ्याला. माठावरचा पेला माझ्यासाठी वेगळा झाला. डबा खाताना माझ्या दोन्ही बाजूंची जागा मोकळी राहायला लागली. मुकादम वाईट माणूस नव्हता, तो म्हणाला, "थोडे दिवस सुट्टी घे, बाबू. पोरं घाबरून राहिले." थोडे दिवस म्हणजे किती, ते तो बोलला नाही. मी रात्रभर छताकडं बघत हिशेब केला: काम गेलं तर खोली गेली, खोली गेली तर परत गावी, आणि गावी आईला काय सांगायचं? आईला मी यातलं काहीच कळवलं नव्हतं.

सकाळी मी काकांना खोली सोडतो म्हणालो. त्यांनी काहून विचारलं नाही. माझ्या खिडकीतली फणी उचलली, खिशात घातली आणि चालू लागले; मी मागोमाग गेलो. तो बाजाराचा दिवस होता. मिलची निम्मी पोरं तिथं चहाच्या टपरीवर असतात. काका टपरीच्या मधोमध बाकावर बसले, फणी काढून सगळ्यांना दाखवली, "हे या पोट्ट्याची फणी हाय," आणि आपल्या त्या देखण्या केसांतून कपाळापासून मानेपर्यंत सावकाश फिरवू लागले. मग माझी टोपी ओढून स्वतःच्या डोक्यावर घातली. "आता मी रोज इथंच बसतो. लागते का नाई लागते, पाहून घ्या."

कोणीतरी म्हणालं, "काका, बह्याड झाले का? टकले व्हाल ना!"

"होईन तं होईन. मंग तरी तुमाले समजंल."

घरी काकूंनी डोक्याला हात लावला, पण त्या दिवसापासून त्या रोज सकाळी काकांना उजेडात बसवून त्यांचं डोकं तपासायच्या. मला कळत होतं, त्या भ्यायल्या होत्या. ती फणी सोडा, असं मात्र त्या कधी म्हणाल्या नाहीत.

पुढच्या आठवड्यात काकाच मला भंडाऱ्याला कातडीच्या डॉक्टरीणबाईंकडं घेऊन गेले. बाईंनी भिंग लावून पाहिलं आणि पहिलंच वाक्य बोलल्या, "हे संसर्गाचं नाही. फणीनं, टोपीनं, कशानंच लागत नाही." काकांनी लांब श्वास सोडला. तेव्हा मला समजलं की इतके दिवस त्यांनाही खात्री नव्हती.

"मंग काहून झालं, बाई?"

बाई म्हणाल्या, अंगात रोगाशी लढणारे पहारेकरी असतात. कधी कधी ते चुकतात आणि आपल्याच केसांच्या मुळांना शत्रू समजतात. का चुकतात, ते पुरतं कोणालाच माहीत नाही. घरात कोणाला असलं तर शक्यता वाढते. थायरॉईड, कोड, दमा, इसब असलं तरी वाढते. फार ताण किंवा आजारपण गेल्यावर कधी ठिणगी पडते म्हणतात, पण सगळं खापर त्यावर फोडू नका. कोंडा, पाणी, किडा यांचा काही संबंध नाही, आणि लसूण पुन्हा लावू नका. मुळं मेलेली नाहीत. केस येतील, कदाचित परत जातीलही.

काकांनी खिशातली फणी काढून बोटांनी तिचे दाते चाचपले. मग अगदी हळू आवाजात म्हणाले, "म्हंजे गवत समजून धान उपडून राहिले."

"अगदी तसंच," बाई म्हणाल्या.

"बाई, मी उपडला आहे तसा. चांगल्या मनानंच उपडला होता." आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी ते कबूल केलं, आणि तेही काकू समोर नसताना.

मग बाईंनी मला विचारलं, घरात कोणाला आहे का? मी नाही म्हणालो. काकांना ते पटलं नाही. एसटी स्टँडवर येऊन त्यांनी माझ्याच मोबाईलवरून आईला फोन लावायला लावला. मी हात जोडले, ती काळजी करेल म्हणालो. "लाव," म्हणाले.

"ताई, मी घरमालक बोलून राहिलो. पोट्टा चांगला हाय. डोक्यावर थोडी चाई पडली हाय फक्त. तुमच्या घरी कोनाले झाली होती का?"

पलीकडं कढईत उलथनं ठेवल्याचा आवाज स्पीकरवर आला. मग आई म्हणाली, "मला हाय की वो. लग्नाच्या दुसऱ्या वर्सापास्नं. कानामागं. येती, जाती." पुढं म्हणाली, "सासूबाई म्हणायच्या, काय पाप केलंस म्हणून देवानं दिलं. माझंच माझ्या लेकराला लागलं व्हय?"

मी जन्मापासून आईला डोक्यावर पदर घेतलेलीच पाहिली होती. तो मोठ्यांचा मान असेल, एवढंच मला वाटायचं.

काकांनी स्टँडच्या गोंगाटात फोन तोंडाजवळ घेतला. "ताई, तुमी काई नाई केलं. कोनीच काई नाई केलं. निंदणवाल्या बाया चुकल्या, गवत म्हनून धान उपडला. त्याच्यात धानाचा काय दोष?" आई रडत होती की हसत होती ते मला कळलं नाही. काकांना कळलं असावं, कारण ते पुढं काहीच न विचारता फोन माझ्या हातात देऊन मागं वळून उभे राहिले.

मिलमध्ये मी परत गेलो. काकांचं डोकं टपरीवर रोज बघून पोरांची भीती आपोआप गेली. पेला एक झाला. माझे केस आले, आधी पांढरे, मग काळे. आता कानामागं दुसरी जागा दिसतेय, आईची आहे तिथंच. काकांनी पाहिली, पण यावेळी उशी फाडली नाही. माझी फणी अजून त्यांच्याच खिशात असते.

आई दर फोनवर त्यांची चौकशी करते, आणि फोन ठेवला की काका मला विचारतात, "ताई घेते का अजून डोक्यावर पदर?"

"घेते."

"घेऊ दे," ते म्हणतात, आणि फणी काढून सावकाश केसांतून फिरवतात. "आता तिले मालूम हाय ना. बस."