मानपुरला आलेली बाई

अगं पोरींनो, अरे भिया लोक, सरका जरा जवळ. आणि आधी एक सांगा, तुम्हाला रात्रीचे बारा, पिंपळ आणि पांढरी साडी याशिवाय काही सुचतच नाही का? वर्षभर मी इथे ग्रुपवर तुमचे भुताचे अनुभव गुपचूप वाचतेय... एकालाही दिवसाढवळ्या अनुभव येत नाही! माझा भरदुपारचा आहे. किंकाळी-बिंकाळी काही नाही. ऐकायचं तर बसा, नाहीतर जा आपल्या कामाला.

सच्ची सांगते, माझा असल्या गोष्टींवर कधीच विश्वास नव्हता. अंगात आलेल्या एका बाईला मी तोंडावर म्हटलंय, "नाटक बंद कर, तुझी भाजी जळतेय तिकडे." शिक्षण माझं मॅट्रिक, बाकी सगळं वाचनालयानं शिकवलं. इंदूरला सुदामा नगरात एकटी राहते. मिस्टर जाऊन सहा वर्षं झाली, मुलगा बंगलोरला. दुपारभर मी आणि पुस्तक, बस.

मागच्या दिवाळीनंतर वाचनालयातून एक नवी कादंबरी आणली. जुन्या जमान्यातल्या एका मोठ्या नटीच्या आयुष्यावरची. नाव बदललेलं, पण कोण ते कुणालाही कळेल. मी इथे लिहीत नाही. तर अर्धी कादंबरी झाली आणि एक प्रकरण आलं. नटी मुंबईहून मोटारीनं इंदूरला निघालीय. घाट चढून गाडी तापते. ड्रायव्हर पाणी शोधायला जातो, आणि ही रस्त्याकडेच्या ओव्हरसियरच्या घरात शिरते. घरात मोठं कुणी नाही, दोन मुली फक्त. धाकटी तापानं फणफणलेली. नटी तिच्या उशाशी बसते, कपाळावरची ओली पट्टी बदलते. मग बोटातली अंगठी फिरवून खडा तळव्याकडे घेते आणि तो गार खडा पोरीच्या कपाळावर टेकवून धरते.

गावाचं नाव दिलंय — मानपुर.

मी पुस्तक पलंगावर पालथं टाकलं. कारण माझे बाबा मानपुरला ओव्हरसियर होते. घर अगदी रस्त्याला लागून. आणि ती धाकटी... मीच की हो!

मी तेव्हा साडेपाच वर्षांची, अक्का बाराची. आई-बाबा कुणाकडे तरी भेटायला महूला गेलेले. संध्याकाळी परत आले तर अक्कानं सांगितलं, सिनेमातली ती नटी आली होती, हिच्याजवळ बसली, पट्ट्या बदलल्या, गेली. बाबांनी रस्त्यावर चौकशी केली. मोटार बंद पडलेली सगळ्यांनी पाहिली होती, नटी कुणीच नाही. झालं! तेव्हापासून अक्का म्हणजे लंबी छोडणारी, थापाडी, हे घरात पक्कं झालं.

आता माझं पाप सांगते. अक्काला बघायला उज्जैनची मंडळी आली होती. मी सोळाची, तोंडाळ. म्हटलं, "आमच्या अक्काला असंतसं समजू नका हं, हिच्याकडे हिरॉइन पट्ट्या बदलायला येते!" सगळे हसले. मुलाची आई नाही हसली. आठ दिवसांनी निरोप आला... मुलगी जरा मनाचंच रचते म्हणे, आम्हाला नको. त्यानंतर अक्का कुणासमोर बसली नाही. महूला मास्तरीण झाली, तिथेच राहिली. इथून महू म्हणजे तासाभराचा रस्ता, पण मी जायची ती लग्नाकार्यापुरती. तिच्यासमोर एकटं बसवायचंच नाही मला.

आणि एक गोष्ट. त्या तापातलं मला स्वतःला एवढंच आठवतं... कपाळाच्या मधोमध काहीतरी गार, टणक, टोचणारं. आईच्या हातात अंगठी नव्हती कधी. मला वाटायचं, तापातलं स्वप्न असेल. हे मी अक्काला नाही, मिस्टरांना नाही, कुण्णाला सांगितलेलं नाही.

प्रकाशकाकडे फोन करकरून शेवटी लेखिकेचा नंबर मिळवला. पुण्याची, चाळिशीची असेल. गोड बोलली.

"मावशी, ते प्रकरण पूर्ण काल्पनिक आहे हो. तिला मूलबाळ नव्हतं, म्हणून मला एक आजारी मूल हवं होतं."

"आणि मानपुर?"

"नकाशात बघितलं. घाट चढल्यावरचं गाव म्हणून घेतलं."

"आणि अंगठी?"

तिनं मला प्रश्न पुन्हा विचारायला लावला. मग म्हणाली, "तिथे मी खूप वेळ अडले होते. मग ते एकदम आलं. कुठून, ते नाही सांगता येणार."

मुलाला सांगितलं तर तो म्हणतो, "आई, कोइन्सिडन्स." याचं आपलं बरं आहे!

दुसऱ्या दिवशी पुस्तक पिशवीत घातलं आणि महू गाठलं. माफी मागायलाच गेले होते. अक्का मटार सोलत बसली होती. मी तिला अख्खं प्रकरण वाचून दाखवलं, मोठ्यानं, कारण तिला कमी ऐकू येतं. आणि म्हटलं, "अक्का, चुकले गं. तू खरं बोलत होतीस."

ती शांतपणे म्हणाली, "नाही बेबी. ती थापच होती."

"अगं, इथे छापून आलंय!"

"येऊ दे. मोटार बंद पडली म्हणून मी बघायला पळाले. आई बजावून गेली होती, हिला सोडून हलू नकोस. मी तासभर बाहेर. परत आले तर तू घामानं चिंब, ताप उतरलेला, आणि कपाळावर पट्टी... आत्ताच पिळून ठेवल्यासारखी. मी घाबरले. आई विचारणार, कोण आलं होतं? कॅलेंडरवर नटी होती समोर. तिचं नाव घेतलं."

"मग पट्टी कोणी बदलली?"

"तेच तुला विचारायचं होतं मला. आजवर. पण विचारलं असतं, तर तुला टाकून गेले होते ते कळलं असतं ना तुला."

मी मग अंगठीचं सांगितलं. आयुष्यात पहिल्यांदा. तिनं मटार बाजूला सारले. माझ्या कपाळाकडे पाहिलं आणि म्हणाली, "जेवून जा."

परतताना बसमध्ये वाटलं, माझ्या मनावरचं ओझं उतरावं म्हणून तर ती आता खोटं बोलली नसेल? असेलही. पण मग अंगठीचं काय? अक्काला ती माहीत नव्हती, लेखिकेला मी माहीत नव्हते. मी फार डोकं लावलं. नाही लागत हिशोब. कुणीतरी आलं होतं, एवढंच. आणि आम्ही दोघी आपापली लाज घेऊन तासाभराच्या अंतरावर बसून राहिलो, त्याचं मात्र स्पष्टीकरण माझ्याकडे आहे, आणि ते मला भुताहून वाईट वाटतं.

आता दर गुरुवारी जाते मी. ती काही इंदूरला यायला तयार नाही. तुमच्यापैकी कुणी इकडे आलात तर माझ्याकडे उतरा, मी घेऊन जाते तिच्याकडे. तिला आता ती दुपार कुणालातरी नीट सांगायची असते, आणि मी एकटी किती वेळा ऐकणार! दुपारीच या, दुपारी घर फार मोठं वाटतं. पण लवकर या हं... परवा ती मलाच विचारत होती, बेबीचा ताप उतरला का म्हणून.