थोर लंकाबाई

आमच्या नाशिक रोडला आठ मार्च जवळ आला की शेखरच्या दुकानात बायकांची नुसती झुंबड उडते. शेखर फ्लेक्स छापतो. त्याच्या दुकानाला लागूनच माझं ब्लाऊज शिवायचं दुकान, मध्ये एक पत्रा. त्यामुळे तिकडचं सगळं मला ऐकू येतं. मी कान लावून ऐकते असं शेखर म्हणतो, तर म्हणू दे मेल्याला.

त्याच्याकडे कॉम्प्युटरवर बसते ती उज्वला, सिन्नरकडची. नवऱ्याशी पटलं नाही म्हणून माहेरी आली, कॉम्प्युटर शिकली आणि इथं कामाला लागली. वाढदिवस, उद्घाटनं, दशक्रिया, सगळे फलक तीच करते. माझ्या दुकानामागे माझं घर, आणि घरामागच्या खोलीत ती आणि तिची आई लंकाबाई भाड्यानं राहतात.

लंकाबाईचं काय सांगू! बाई होती की रेडिओ! जन्म गेला कांद्याच्या शेतात, शाळेचं तोंड पाहिलं नाही, पण बोलायला लागली की माझी मशीन थांबायची. मी माप घ्यायला गेले तर म्हणायची, "माप घेतीस का गुदगुल्या करतीस?" लेकीवर तर दिवसभर तोंडाचा पट्टा सुरू. दूध उतू गेलं, ओरडली. तिन्हीसांजेला केस मोकळे सोडले, ओरडली. आणि प्रत्येक ओरडण्याच्या शेवटी एक 'भवाने' ठरलेलं. उज्वला वैतागून जायची. "मावशी, हिला जरा गप बसायला सांगा ना," म्हणायची.

गेल्या दिवाळीनंतर लंकाबाईला लकवा झाला. उजवं अंग गेलं आणि त्याबरोबर बोलणंही गेलं. समजतं सगळं, पण तोंडातून निघतं ते नुसतं "बा, बा". डॉक्टर म्हणाले, तुम्ही तिच्याशी बोलत राहा, वाचा आली तर येईल. ते 'आली तर' उज्वलाच्या जिवाला लागलं. मोबाईलमध्ये आईचे फोटो ढीगभर, आवाज मात्र कुठंच नाही. रोजचं ओरडणं कोण कशाला भरून ठेवतंय?

एकदा संध्याकाळी मी त्यांच्या खोलीत गेले, तर गॅसवर दूध उतू चाललेलं, आणि ही बया तिथंच उभी राहून आईच्या तोंडाकडे बघतेय! मी धावत जाऊन गॅस बंद केला.

"अगं, डोळे फुटले का तुझे?"

"मुद्दाम घालवलं मावशी," ती म्हणाली. "वाटलं, ओरडेल."

बघते तर केसही मोकळे. माझा राग कुठल्या कुठे पळाला. लंकाबाई दुधाकडे बघत होती, ओठ हलत होते, शब्द काही येत नव्हता.

"एकदाच ओरडू दे," उज्वला म्हणाली. "मला तिची फार आठवण येते हो मावशी. समोर बसलेली असते आणि आठवण येते."

मी ओटा पुसून दिला आणि घरी आले. त्या दिवशी मला जेवण गेलं नाही.

तर यंदाचा आठ मार्च. आमच्या महिला मंडळाच्या अध्यक्षा हर्षालीताई शेखरकडे आल्या. थोर स्त्रियांचे विचार लिहिलेले फलक हवे होते. "पण दरवर्षीचे नकोत हं," त्या म्हणाल्या. "बायका आता वाचतसुद्धा नाहीत. कुणी कधी ऐकलं नसेल असं काहीतरी टाका." झालं! उज्वला शोधून शोधून दमली. बाकीचे फलक झाले, एक काही होईना. इकडे शेखरची कटकट, तिकडे ताईंचे फोन. शेवटी तिनं काहीतरी टाइप केलं आणि छापायला सोडलं.

सकाळी फलक वाळत टाकले होते. जांभळ्या रंगावर पांढरी अक्षरं: 'रडायचे असेल तर खुशाल रडा, पण आधी जेवून घ्या. उपाशीपोटी रडायला बळ कुठून येणार?' आणि खाली, 'लंकाबाई'.

मी हातातली कात्री खाली ठेवली. ते वाक्य मला माहीत होतं. उज्वला सासर सोडून आली तेव्हा पिशवी घेऊन दारातच रडत उभी राहिली होती. लंकाबाई नुकतीच शेतातून आलेली. ना विचारलं ना सवरलं, म्हणाली, "रडायचं तर रड, पन आदी भाकर खा, भवाने. उपाशी रडाया बळ कुठून आननार?" पोरगी जेवली आणि तिथंच झोपली. रडायचं राहूनच गेलं. ही गोष्ट उज्वलानं मला कितीदा सांगितली असेल.

"मावशी, ही लंकाबाई कोण हो?" शेखरनं विचारलं. तो तिला 'उज्वलाची आई' म्हणूनच ओळखतो.

"एवढंही माहीत नाही? जरा पेपर वाचत जा," मी म्हटलं. बिचारा ओशाळला. उज्वलानं माझ्याकडे बघितलं आणि मान खाली घातली.

कार्यक्रम कॉलनीच्या हॉलमध्ये होता. आम्ही लंकाबाईला नवी साडी नेसवून चाकाच्या खुर्चीत बसवून नेलं. समोशांच्या बशा वाटून झाल्या आणि पाहुण्या बाई बोलायला उभ्या राहिल्या. फलक वाचून त्यांना अगदी भरून आलं. म्हणाल्या, "लंकाबाईंसारख्या थोर समाजसेविका आज आपल्यात नाहीत, हे आपलं दुर्दैव."

आपल्यात नाहीत? अगं बाई, सकाळी मी तिला पेज भरवून आले! मी उठणारच होते, पण उज्वलानं माझा पदर खेचून खाली बसवलं.

"सगळ्याजणी माझ्यामागून म्हणा," पाहुण्या बाई म्हणाल्या. आणि सगळा हॉल एका सुरात म्हणाला, "रडायचे असेल तर खुशाल रडा, पण आधी जेवून घ्या."

लंकाबाईनं मान वर केली. कपाळाला आठ्या पडल्या. डावा हात खुर्चीवर आपटायला लागली.

"बा, बा... भ..."

"काय गं आई? पाणी देऊ?" उज्वला वाकली.

"भ... भ..." चेहरा लाल झाला. आणि एकदम, पुढच्या रांगेतल्या बायका वळून बघतील अशा आवाजात, "भवाने!"

फलकावर नव्हता तेवढाच शब्द तिनं म्हटला.

उज्वला तिच्या गुडघ्यांना मिठी मारून हमसाहमशी रडायला लागली. "आई, परत म्हण ना. एकदाच म्हण ना गं." लंकाबाईनं तिच्याकडे बघितलं. मग मांडीवरची समोशाची बशी डाव्या हातानं तिच्यापुढे सरकवली आणि ती खाईपर्यंत हात काढला नाही. पोरगी रडत रडत समोसा खात होती, आणि मी पदरात तोंड खुपसून बसले होते.

पाहुण्या बाई खाली आल्या. "या आजी कोण?"

"थोर आहेत," मी म्हटलं. "आणि आपल्यातच आहेत."

त्यानंतर लंकाबाई एक शब्द बोललेली नाही. उज्वला रोज समोर बसून तिच्याशी बोलते, ती ऐकते, बा बा करते, तेवढंच. कधी कधी संध्याकाळी मागच्या खोलीतून दूध करपल्याचा वास येतो. मी आता गॅस बंद करायला धावत नाही. मशीन थांबवते आणि ऐकत बसते.