सात नंबरचे दोन गुण

प्रिय निहार आणि सई,

मी पुण्याहून निघाले तेव्हा जपानच्या त्या मोठ्या भूकंपाला तीन वर्षं होऊन गेली होती, पण आमच्या नातेवाइकांच्या मनातली तिथली जमीन काही थांबायला तयार नव्हती. टॅक्सी खाली उभी होती, बॅगा डिकीत गेल्या होत्या, आणि माझे मोठे भाऊ टॅक्सीचं दार धरून उभे होते.

"तिथली आपली माणसं इकडे निघून आली, आणि तू बासष्टाव्या वर्षी तिकडे चाललीस," दादा म्हणाले.

"दादा, मी कोबेला चालले आहे. भूकंप उत्तरेला झाला होता."

"कोबेलाही एकदा झालाच होता की. मला भूगोल शिकवू नकोस. पोचलीस की फोन कर."

दार त्यांनीच लावलं. हँडबॅगेत पासपोर्टच्या शेजारी माझी दोन पेनं होती, एक लाल आणि एक निळं. तीस वर्षं इंग्रजी शाळेत गणित शिकवलं, ते तुम्हाला माहीत आहे. कॉलेजात असताना मी बास्केटबॉलच्या सामन्यांची स्कोअरशीट लिहीत असे, हे मात्र तुम्हाला मला प्रत्यक्ष लिहिताना पाहून कळलं. कोणी कधी गुण केला, कोणाचा फाऊल झाला, सगळं एका कागदावर, खाडाखोड न करता. माझ्या शीटवर सहसा बोट ठेवायला जागा नसे. याचा मला अभिमान होता. आज जे लिहायचं आहे ते त्या अभिमानाबद्दलच आहे.

हे तुमचे बाबा तुम्हाला वाचून दाखवतील. अमेय, मधलं काही गाळू नकोस. तूही ऐक.

कोबेतलं आपलं घर चौथ्या मजल्यावर. दुसऱ्या मजल्यावर तनाबे-सान. माझ्याच वयाच्या, एकट्या. पहिल्या आठवड्यात मी दुधाचा रिकामा खोका जळाऊ कचऱ्याच्या पिशवीत टाकला, तेव्हा त्यांनी तो अलगद बाहेर काढला, धुतला, कापून सपाट केला आणि माझ्या हातात देऊन हसल्या. माझं जपानी दहा शब्दांचं, त्यांचं इंग्रजी वीस शब्दांचं. आमची खरी ओळख झाली ती वॉर्डाच्या जिममध्ये, म्हणजे खेळांच्या हॉलमध्ये. वॉर्डातल्या शाळकरी मुलांच्या सामन्यात टेबलाशी बसून त्या स्कोअरशीट लिहीत होत्या. मी मागून डोकावले. तोच कागद! खेळता खेळता बास्केट झाला तर तिरकी रेघ, फ्री थ्रो असेल तर भरलेला ठिपका. मी बोटाने दाखवलं, मग स्वतःकडे बोट केलं. त्यांनी शेजारची खुर्ची ओढली. परक्या देशात मला मिळालेली ती पहिली स्वतःची जागा. आजी म्हणून नव्हे, अमेयची आई म्हणूनही नव्हे.

शहराच्या व्यावसायिक संघाचे घरचे सामने असले की तनाबे-सान टेबलाशी असत. तिकिटं त्याच आणून देत. मी प्रेक्षकांत बसून मांडीवर माझी शीट लिहीत असे, आणि सामन्यानंतर आम्ही दोघी आपापले कागद शेजारी धरून ताडून पाहत असू. चार वर्षांत कधी फरक निघाला नाही.

तो सामना तुला आठवत असेल, निहार. तू आठ वर्षांचा होतास, आणि सात नंबर, म्हणजे आपला बुटका कॅप्टन, तुझा देव होता. त्या दुपारी त्याने टाकलेला जवळजवळ प्रत्येक चेंडू बास्केटमध्ये पडत होता. एका सामन्यात एका खेळाडूने केलेल्या सर्वाधिक गुणांचा क्लबचा विक्रम एकेचाळीसचा होता. शिट्टी वाजली, मोठ्या पडद्यावर बेचाळीस उमटले आणि कागदी फिती उडाल्या. तू माझ्या खांद्यावर थापा मारत होतास. माझ्या कागदावर चाळीस होते.

फरक कुठला हे मला लगेच सापडलं. तिसऱ्या क्वार्टरमध्ये पाहुण्या संघाच्या एकाचा हात लागून चेंडू त्यांच्याच, म्हणजे ते राखत होते त्या बास्केटमध्ये पडला. दोन गुण आपल्याला. पण आपल्यातल्या कोणाच्या नावावर? बास्केटखाली आपला पंधरा नंबर होता. मी पंधरा लिहिलं. आमच्या कॉलेजात जो जवळ असेल त्याच्या नावावर लिहीत असू. तनाबे-साननी सात लिहिलं. आणि सात नंबर तेव्हा मैदानाच्या मध्यावर वाकून मोजा वर ओढत होता. मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं होतं.

मी तुझा हात धरून खाली टेबलापाशी गेले. सगळे अधिकारी तिथे होते. मी माझ्या वर्गातल्या आवाजात, इंग्रजीत म्हणाले, "मिस्टेक. टू पॉइंट्स. नॉट सेव्हन." आणि त्यांच्या शीटवर पेन आपटलं, तेही लाल. तनाबे-सान उभ्या राहिल्या. त्यांनी नियमाचं पुस्तक उघडायला घेतलं, पण मी थांबले नाही.

घरी आल्यावर क्लबला ईमेल लिहिलं, शीटचा फोटो जोडून. अमेय म्हणाला, "आई, सोड ना. ही काय बोर्डाची परीक्षा आहे?" मी म्हणाले, "विक्रम म्हणजे विक्रम. तो खोटा असून चालत नाही." तुमच्या आईने हळूच विचारलं, "आई, आधी तनाबे-सानना विचारून बघता का?" मी 'पाठवा'चं बटण दाबलं. दोन दिवसांत क्लबच्या पानावर सूचना आली की विक्रमाची नोंद तपासली जात आहे. शनिवारी मुलांसोबत सात नंबरचा फोटोचा कार्यक्रम होता, तो पुढे ढकलला गेला. तू रडलास, आणि मी तुला खरेपणावर भाषण दिलं.

त्याच संध्याकाळी तनाबे-सान दारात आल्या. हातात मिठाईचा खोका, कागदात नीट बांधलेला. त्या कंबरेतून खूप खाली वाकल्या आणि म्हणाल्या, "सुमिमासेन. तुम्हाला शंका यावी असं माझ्या हातून झालं." पाच वर्षं मी त्या देशात काढली होती. तिथे माणूस दुसऱ्याला झालेल्या त्रासाची माफी मागतो, स्वतः बरोबर असला तरी मागतो, हे मला कळायला हवं होतं. मला ती कबुली वाटली. मी खोका घेतला आणि मोठ्या मनाने म्हणाले, "इट हॅपन्स, तनाबे-सान. ॲट अवर एज, आइज गेट टायर्ड."

हे वाक्य मला गाळावंसं वाटलं होतं. लिहायचंच आहे म्हणून लिहिलं.

क्लबचं पत्र पुढच्या आठवड्यात आलं. जेवणाच्या टेबलावर मानसीने वाचलं. तुमची आई एरवी भराभर वाचते, त्या दिवशी एकेक शब्द तपासून वाचत होती. चेंडू चुकून स्वतःच्या बास्केटमध्ये गेला, तर ते गुण समोरच्या संघाचा जो कॅप्टन त्या वेळी मैदानावर असेल, त्याच्या नावावर लिहायचे. तो कुठे उभा आहे याचा संबंध नाही. नोंद बरोबर आहे, बेचाळीस कायम. आपण एवढ्या बारकाईने सामना पाहता याबद्दल आभार.

सई, तू भातात बोट घालून खेळत होतीस. मग निहार, तू जपानीत म्हणालास, "तनाबे-सान, वारुकुनाई." म्हणजे तनाबे-सानची चूक नव्हती. माझी होती, हे तू म्हणाला नाहीस. आठ वर्षांच्या मुलाने एवढं सांभाळून घ्यावं!

मी माफीचं वाक्य मानसीकडून जपानीत लिहून घेतलं, पाठ केलं, बेसनाचे लाडू केले. सकाळी कचरा ठेवायच्या जाळीपाशी तनाबे-सान भेटल्या. मी तोंड उघडायच्या आत त्याच वाकल्या. मीही वाकले. आणि मी विचारलं, "उद्या बाटल्यांचा दिवस ना?" त्या म्हणाल्या, "हो, बाटल्यांचा." लाडूंचा डबा घेऊन मी परत वर आले. अमेयने डबा पाहिला आणि म्हणाला, "काय, लाडूही तपासणीला गेले होते का?" मी डबा कपाटात ठेवून दार लावलं.

पुढच्या सामन्याला टेबलाशी एक तरुण मुलगी होती. तनाबे-साननी स्वतःच नाव काढून घेतलं होतं. 'माझ्या नोंदीवर शंका आली, आता मी बसणं बरं नाही,' असं त्यांनी कळवल्याचं मानसीला समजलं. मग साथ आली, सगळ्यांनी तोंडं झाकली, कोणी कोणाच्या दारात जाईना, आणि मला आयतं कारण मिळालं. त्यानंतर सई सात वर्षांची झाली. नातवंडं लहान असेपर्यंतच आजीला तिथे राहायची परवानगी होती, ती संपली. निघताना तनाबे-सान जिन्यात उभ्या राहिल्या आणि त्यांनी माझ्या हातात एक पाकीट दिलं. विमानात उघडलं. आत एक कोरी स्कोअरशीट होती.

माझे वडील माझ्या वह्या तपासत तेव्हा एक गोष्ट सांगत. "पान फाडायचं नाही. चूक जिथे झाली तिथेच दिसली पाहिजे, आणि दुरुस्तीही तिथेच." त्या सामन्याची शीट मी फाडली नाही, पण इतकी वर्षं ट्रंकेच्या तळाशी ठेवली. गेल्या रविवारी काढली. पंधरावर एक आडवी रेघ मारली, शेजारी सात लिहिलं, बेरीज बेचाळीस केली आणि माझी सही केली. कागद आता बरोबर आहे. पण मी पेन आपटलं होतं ते माणसांसमोर, कागदासमोर नव्हे.

इथे सगळे विचारतात, "आलात ना एकदाच्या आपल्या घरी?" दादा तर रोज विचारतात. मी हो म्हणते. तरी मंगळवारी आणि शुक्रवारी पहाटे मला जाग येते, आज जळाऊ कचरा, आणि मग आठवतं की इथे सगळा एकाच बादलीत जातो. पूर्वी वाटायचं, जिथे आपली चूक कोणी काढू शकत नाही ते आपलं घर. आता ज्या जिन्यावरून मान वर करून जाता येत नव्हतं, तोच जिना रोज डोळ्यांसमोर येतो.

मी एप्रिलमध्ये तीन महिन्यांसाठी येते आहे. तनाबे-सानना आधी काही सांगू नका. वाक्य मला अजून पाठ आहे, आणि या वेळी ते मला एकटीलाच म्हणायचं आहे. निहार, तू आता उंच झाला आहेस, बॅगा तू वर ने. माझ्यासाठी चौथ्या मजल्याचं दार उघडं ठेवा, पण वाट बघत उभे राहू नका. मी आधी दुसऱ्या मजल्यावर थांबणार आहे.

तुमची,
आजी