डोंगर फक्त साहेबांच्या केबिनमध्ये

सकाळचे अकरा. सुरगाणा, ग्रामीण बँकेची शाखा. दाराला चिकटवलेला कागद: 'सर्व्हर बंद. व्यवहार होणार नाहीत.'

रांगेतली एक आजी कॅशियर गायकवाडांवर वैतागली. "मंग हातानं लिव्ह ना, बाबा!"

"आजी, कॉम्प्युटर बंद म्हणजे बँक बंद."

त्याच सकाळी नाशकात, माझ्या डोळ्यांदेखत, याच ग्रामीण बँकेचे वकील कोर्टाला सांगत होते, "ग्रामीण शाखांमध्ये संगणकावरचं काम असं फारसं नसतंच!" म्हणून संगणकावर काम करण्याची वेतनवाढ पालक बँकेच्या, म्हणजे ही ग्रामीण बँक जिच्या छत्राखाली चालते त्या मोठ्या बँकेच्या, कर्मचाऱ्यांना मिळते, तशी गायकवाडांसारख्यांना द्यायची नाही. बाहेर आलो तर गायकवाडांचा फोन. "सर्व्हर बंद, रिकामाच बसलोय. आज कोर्टात काय म्हणाले हो?" मी म्हटलं, "सर्व्हर सुरू झाला की सांगतो!"

* * *

कोर्टाच्या बातम्या करता करता केस पिकले. खुनाचे खटलेसुद्धा विसरलो. पण या दाव्याचे किस्से विसरायला सवडच मिळत नाही. जुना सांगून होतोय तोवर नवा घडलेला असतो! प्रत्येक तारखेनंतर ग्रामीण बँकेच्या कर्मचारी संघटनेची मंडळी नाशकातल्या द्वारका चौकात चहाच्या टपरीवर जमतात आणि मी वही मिटून नुसता ऐकत बसतो.

मागणी साधी आहे. काम तेच, मग पालक बँकेइतकाच पगार आणि तेच भत्ते द्या. अर्जदार गायकवाड निवृत्तीला आले होते. पेन्शन शेवटच्या पगारावर ठरते, म्हणून त्यांना निकाल त्याआधी हवा होता.

"जिंकलो तर हार घालायला या," ते मला म्हणाले, "फक्त तो फोटोला घालायची वेळ आणू नका म्हणजे झालं!"

* * *

सुरगाण्यात पालक बँकेची शाखा रस्त्याच्या पलीकडेच आहे. तिथल्या माणसांना डोंगराळ, अवघड ठिकाणी काम करतात म्हणून डोंगरी भत्ता मिळतो. अलीकडच्यांना नाही. गायकवाडांनी आपल्या बँकेच्या मुख्य कार्यालयातल्या एका अधिकाऱ्याला विचारलं, "साहेब, रस्ता ओलांडला की डोंगर संपतो का?"

अधिकारी शांतपणे म्हणाले, "आपली बँक स्थानिक आहे. स्थानिक माणसाला डोंगराचा त्रास होत नाही."

"अहो, पण मी सिन्नरचा, सपाटीवरचा!"

"तो तुमचा वैयक्तिक प्रश्न झाला."

* * *

याहून पुढची गोष्ट ऐका. गायकवाडांच्या शाखेचे मॅनेजर पालक बँकेतून प्रतिनियुक्तीवर आलेले. त्यामुळे त्यांना डोंगरी भत्ता मिळतो! काचेच्या केबिनमध्ये डोंगर, काचेबाहेरच्या काउंटरवर सपाटी.

गायकवाड सही घ्यायला आत निघाले की बाहेरचा क्लार्क हळूच म्हणायचा, "काका, स्वेटर घाला. वर चाललात!"

* * *

मध्ये एकदा गायकवाड जिंकलेही. फक्त औषधपाण्याच्या भत्त्यापुरतं. पेढे आले. आठवड्यात बँकेचा खुलासा आला: ज्यांची नावं अर्जात आहेत, त्यांनाच लाभ.

गायकवाडांच्या पत्नी मंगलाताई याच बँकेत, शेजारच्या गावच्या शाखेत. हुद्दा तोच. अर्जात नाव नाही. त्या थेट मुख्य कार्यालयात जाऊन उभ्या राहिल्या. "माझ्या घरातल्या डासांना एक पत्र द्या, साहेब. चावण्याआधी अर्जदाराचं नाव तपासत चला म्हणावं!"

साहेब हसले नाहीत. म्हणाले, "तुम्ही स्वतंत्र दावा करू शकता."

* * *

आता शेवटची तारीख. गायकवाडांच्या निवृत्तीआधीची तीच एक सुनावणी उरली होती. बँकेला एक साक्षीदार उभा करायचा होता. सुरगाणा अवघड ठिकाण नाही, एवढंच त्याने शपथेवर सांगायचं. त्याची साक्ष झाली की सुनावणी संपून निकाल लागणार.

साक्षीदार आलाच नाही. वकिलांनी मुदतीचा अर्ज दिला आणि न्यायाधीशांनी तो मोठ्याने वाचला: 'घाटात दरड कोसळल्याने रस्ता बंद. साक्षीदार दुर्गम भागात कार्यरत असल्याने पोहोचू शकत नाहीत.'

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. "दुर्गम?"

वकील अर्जाकडे असे बघत राहिले, जणू तो शेजारच्याने लिहिला होता!

"गायकवाड, तुम्हीही तिथूनच आलात ना? कसे पोहोचलात?"

"कालच निघालो साहेब. बिनपगारी रजा टाकून. पावसाळ्यात घाटाचा भरवसा कोण देतो?"

कोर्टात हशा पिकला. गायकवाड मात्र हसले नाहीत. साक्षीदाराविना पुढे जाता येईना, म्हणून पुढची तारीख पडली. ती त्यांच्या निवृत्तीनंतरची होती.

बाहेर पडताना मी बँकेच्या वकिलांना गाठलं. "साक्षीदार होते तरी कोण?"

"सुरगाणा शाखेचे मॅनेजर."

"डोंगरी भत्ता घेणारे?"

वकिलांनी गाडीची काच वर केली. तोच प्रश्न मी बँकेच्या मुख्य कार्यालयाला लेखी पाठवला. गायकवाड निवृत्त झाले, निरोपाचा हारही सुकला. उत्तर अजून आलेलं नाही.