ठकीचं घमेलं

फोन आला तेव्हा मी सांगवीतल्या आमच्या घरात कपड्यांच्या घड्या घालत होते. नलूआत्याच्या समोर राहणाऱ्या शबानाभाभी बोलत होत्या, "ताई, लवकर या. आत्या दार उघडत नाहीत... मांजर आतून सारखं ओरडतंय." कासारवाडीला पोचले तोवर शेजाऱ्यांनी दार तोडलं होतं. आत्या कुशीवर वळून झोपल्यासारखी, पायाशी तिचं मांजर, ठकी. खाली स्टेशनात गाडी शिरत होती आणि खिडकीची काच हलकेच थरथरत होती...

लातूरकडून माझ्या बाबांच्या मागोमाग आत्या तरुणपणीच इकडं आली. भोसरीच्या एका वर्कशॉपमध्ये ड्रिल मशीनवर उभी राहिली, ती निवृत्त होईपर्यंत. लग्न केलं नाही. ठकी तिला तिथंच सापडली, मशीन पुसायच्या चिंध्यांच्या पोत्यात, डोळेही न उघडलेली. आत्यानं तिच्यासाठी एका लोखंडी घमेल्यात वाळू भरली, आणि ठकी शी-शूला कायम त्यातच जात आली.

दिवसकार्य झाल्यावर मी ठकीला घरी आणलं. संजयनं, माझ्या नवऱ्यानं, हौसेनं झाकणाचा नवा ट्रे आणला, सुगंधी वाळूसकट. ठकीनं तो हुंगला आणि पलंगाखाली जाऊन बसली. आधी गादी ओली केली, मग सोफा, नंतर तर लघवी तुंबवूनच धरली. डॉक्टर म्हणाले, असंच चाललं तर दगावेल.

"तिला इथं जमत नसेल तर कुणाला तरी देऊ या का?" संजय हळूच म्हणाला.

मी आत्याच्या घरी गेले. घमेलं मोरीच्या दाराशी तसंच होतं. शेजारी फरशीवर बसले. पडद्यातून पिवळं ऊन आत येत होतं, आणि त्या उन्हात काळ सरकतच नव्हता जणू... भोसरीची खोली सोडून आत्या इथं आली तो दिवस आठवला. शेअर रिक्षात ती वाळूनं भरलेलं घमेलं मांडीवर घेऊन बसली होती. रिक्षावाला हसला, "मावशी, वाळू काय कासारवाडीत मिळत नाही?"

"मिळती की," आत्या म्हणाली, "पण ही तिच्या ओळखीची हाये. माणसाला तरी परक्या घरात पहिल्या दिवशी कुठं झोप लागती?"

मीही ते घमेलं तसंच उचलून घरी आणलं. नव्या ट्रेशेजारी ठेवलं. संजयनं आपणहून ट्रेचं झाकण काढलं. ठकी बराच वेळ दारात उभी राहिली, मग घमेल्यात शिरली. रोज त्यातली ओंजळभर वाळू मी ट्रेत मिसळत गेले. घमेलं रिकामं होत गेलं, ट्रे तिच्या ओळखीचा होत गेला... आणि एका सकाळी, मी पोहे भिजवत असताना, ट्रेतून वाळू उकरल्याचा आवाज आला. मी चाळणी तशीच हातात धरून उभी राहिले.

रविवारी संजय घमेलं भंगारात द्यायला घेऊन गेला. थोड्या वेळानं ते घेऊनच परत आला. गंजलेली कड पुसून त्यानं ते गॅलरीत, उन्हात ठेवलं.

"राहू दे," म्हणाला, "तिचं आहे."

कुणाचं, ते मी विचारलं नाही.